घंटा उतरवायच्या आदल्या दिवशी

मामाबरोबर मठात कामाला गेले, तेव्हा पहिल्याच दिवशी मला हसू आवरेना. मामा सुतार. अवजारांची पेटी खांद्यावर टाकून एवढा धिप्पाड माणूस दारातून आत शिरला आणि त्याच्यापुढे एक सिस्टर पितळेची छोटी घंटी वाजवत चालायला लागल्या. व्हरांड्यातून गेला, किणकिण. जिना चढला, किणकिण. तोंड धुवायला नळावर गेला तरी किणकिण.

"आपण आइसक्रीम विकायला आलोय का?" मी विचारलं.

"गप बस," मामा दात न उघडता म्हणाला. "इथली रीत आहे ती."

रीत अशी. त्या सिस्टर लोकांनी जन्मभर त्या भिंतीच्या आतच राहायचं. मठ, भाजीचा मळा, मागचं जंगल, सगळं भिंतीच्या आत. बाहेरचा पुरुष आत यायचा तो फक्त कामाला. डॉक्टर असो, नळवाला असो, सुतार असो, दार सांभाळणाऱ्या सिस्टर त्याच्यापुढे घंटी वाजवत चालणार. ती ऐकली की बाकीच्यांनी तोंडावर पदर ओढून बाजूला व्हायचं आणि घंटी लांब जाईपर्यंत चकार शब्द काढायचा नाही.

माझ्यासाठी घंटी नव्हती. मुलगी असण्याचा मला आयुष्यात झालेला पहिला फायदा. मी कुठेही जायचे, स्वयंपाकघरात, मळ्यात, मधमाश्यांच्या पेट्यांपाशी. शाळा मी सोडली की शाळेने मला, यावर घरात अजून भांडण चालू आहे. एका जागी बसवत नाही आणि उलट बोलल्याशिवाय राहवत नाही, एवढंच खरं. म्हणून आईने मामाच्या गळ्यात बांधलं. पटाशी आणि हातोडा हातात असला की माझं डोकं जरा कमी फिरतं.

काम होतं मठाची मोठी घंटा खाली उतरवायचं. अंगणाच्या कोपऱ्यात चार जाड खांबांचा लाकडी मनोरा, वरती आडवी तुळई आणि तिला टांगलेली घंटा. तुळईच्या एका टोकाला वर्षानुवर्षं पाणी मुरलेलं. मी पटाशी टेकवली तर ती ओल्या केकमध्ये जावी तशी आत गेली. घंटा झुलली तर तुळई मोडणार, घंटा खाली येणार आणि खाली जो असेल तो संपला. म्हणून मामाने आधी दोर सोडला, मग घंटेचा लोखंडी लोलक काढून अंगणात गोणपाटावर आडवा ठेवला आणि तुळईच्या कुजक्या बाजूला टेकू लावले. दुसऱ्या दिवशी चेनपुली, म्हणजे जड वजन उचलायची साखळीची कप्पी, येणार होती. मग घंटा खाली, कायमची.

मदर, म्हणजे मठाच्या मुख्य, त्यांनी तसं ठरवलं होतं. पूर्वी नर्स होत्या त्या. उंच, चालणं झपझप, बोलणं इंजेक्शनसारखं. "एवढ्या जाडीचं वाळलेलं लाकूड आता मिळत नाही असं तुझा मामाच म्हणतो," मला म्हणाल्या. "आणि दोर ओढायला इथे कुणाच्या दंडात जोर उरलाय?"

त्यावर रीतसर मतही घेतलं होतं. मठात मत द्यायचं ते कापडी पिशवीत दाणा टाकून. पांढरा म्हणजे हो, काळा म्हणजे नाही. पिशवी उलटी केली तेव्हा सगळे पांढरे निघाले आणि एक काळा. मत गुप्त असतं म्हणे. पण सगळ्यांनी एकदम एकाच बाजूला बघितलं.

त्या बाजूला बसल्या होत्या चिमणी सिस्टर.

हे नाव मीच ठेवलं. एवढुशा. घंटा वाजवायचं काम त्यांचं, पार तरुण होत्या तेव्हापासून. घंटा जोरात झुलली की दोराबरोबर त्याही जमिनीवरून वर उचलल्या जायच्या म्हणे आणि चप्पल खाली राहायची. नाव सांगितलं तर चिडतील असं वाटलं होतं. त्या म्हणाल्या, "चिमणी बरी. माझी आई मला उंदीर म्हणायची."

त्या दिवशी सकाळी, बोलायची परवानगी असलेल्या वेळात, त्या मनोऱ्याच्या पायरीवर येऊन बसल्या. मी लोलकाचा गंज खरवडत होते.

"कशाला चकचकीत करतेस? उद्या भंगारात जाणार ना?"

"मला काय माहीत? मामा म्हणाला खरवड, मी खरवडतेय."

"तुला माहितीय, ही घंटा यायच्या आधी इथे काय होतं?"

"मला नाही सांगितलं तरी चालेल," मी म्हटलं.

त्यांनी सांगितलंच. सगळ्यात आधी तिघी जणी आल्या. रस्ता नव्हता, भिंत नव्हती. जंगलात कोळसा पाडणाऱ्यांची एक पडकी झोपडी होती, तिच्यात राहिल्या. झाडाला लोखंडाचा पत्रा टांगला आणि हातोड्याने बडवून प्रार्थनेची वेळ करायला लागल्या. कोळसेवाले हसायचे, या बायका झाडांना बोलवतात म्हणून. मग एक दिवस त्यांचाच एक जण धुक्यात वाट चुकला आणि त्या पत्र्याच्या आवाजावर चालत परत आला. तेव्हापासून हसणं बंद. पुढे घंटा आली तेव्हा त्याच लोकांनी ती ओंडक्यांवरून ढकलत डोंगर चढवली.

"मनोरा कुणी बांधला?"

"सिस्टरांनी. झाडं इथलीच, करवतही त्यांच्याच हातात. त्यात एकीचं बोट गेलं. मग मठाला आग लागली, अर्धं छप्पर गेलं. मग साथ आली, अर्ध्या खाटा रिकाम्या झाल्या. उरलेल्या सगळ्या तापाने फणफणलेल्या. त्यातली एक रांगत यायची आणि दोराला लटकायची. घंटा झालीच पाहिजे. मग मुलींची शाळा काढली, मग ती बंद पडली. छप्पर गळलं, लोक गेले, डांबरी रस्ता आला. घंटा रोज होती." त्यांनी माझ्याकडे बघितलं. "आणि आता खटखट्या."

दोर काढल्यापासून दारवाल्या सिस्टर दोन फळ्यांचा एक खटखट्या वाजवत व्हरांड्यातून फिरायच्या, प्रार्थनेची वेळ झाली की. त्याचा आवाज स्वयंपाकघरापर्यंतही धड जायचा नाही.

"मग मला कशाला सांगताय?" माझा आवाज चढला. "मदरना सांगा ना! लाकूड मिळत नाही म्हणून उतरवतायत. मिळालं असतं तर मी स्वतः तुळई करून बसवली असती."

"तू?"

"हो, मी! आणून दाखवा लाकूड, मग बघा."

"बघू हं," चिमणी सिस्टर म्हणाल्या आणि गुडघ्यावर हात ठेवून उठल्या.

दुपारच्या प्रार्थनेनंतर मठात मौन सुरू होतं. पुढची घंटा होईपर्यंत कुणी बोलत नाही. मीठ हवं असेल तर हाताची खूण, झाडू हवा असेल तर वेगळी खूण. त्या दिवशी मौन सुरू झालं आणि थोड्याच वेळात जंगलातून धुकं आलं. साधंसुधं नव्हे. मनोऱ्यावर बसून मला खालचा मामा दिसत नव्हता, फक्त त्याचा खोकला ऐकू येत होता.

पुढच्या प्रार्थनेला खटखट्या वाजला, सगळ्या जमल्या आणि चिमणी सिस्टरची जागा रिकामी. खोलीत नाहीत. स्वयंपाकघराच्या दारामागची त्यांची काठी नाही. गरम शाल मात्र खुंटीवर तशीच.

मदरनी प्रार्थना थांबवली. मठात असं कधी झालं नव्हतं म्हणे. त्या अंगणात आल्या तेव्हा तोंड पांढरं पडलं होतं, पण आवाज तोच.

"मागे जंगलात जुने कोळशाचे खड्डे आहेत. वरून पाला असतो, दिसत नाहीत. अंधार पडायच्या आत ती सापडली पाहिजे. या थंडीत, तिच्या वयात, रात्र निघणार नाही. खालच्या करवत गिरणीवरच्या माणसांना फोन केलाय, पण या धुक्यात त्यांना यायला वेळ लागेल. तोवर आपणच."

सिस्टर भिंतीच्या कडेने पसरल्या, हाका मारत. मी आणि मामा मधल्या वाटेने निघालो. आणि आमच्यापुढे, अर्थातच, दारवाल्या सिस्टर. किणकिण, किणकिण.

"सिस्टर!" मामा ओरडला. "अहो सिस्टर!"

नुसती झाडं. पानांवरून पाणी ठिबकत होतं. मी घसा फुटेस्तोवर ओरडले. मध्येच डावीकडून स्वयंपाकाच्या सिस्टरची हाक ऐकू आली, अगदी जवळून. आम्ही त्या बाजूला वळलो तर हाक मध्येच तुटली. धुक्यातून त्या दिसल्या. झाडाकडे तोंड करून उभ्या, पदर हनुवटीपर्यंत ओढलेला, तोंड घट्ट मिटलेलं.

मी तिथेच थांबले.

"तुम्ही हाक का थांबवली?"

त्यांनी दारवाल्या सिस्टरच्या हातातल्या घंटीकडे बोट केलं.

मला आधी कळलं आणि मग डोकं असं फिरलं की बस. "अहो! आपण त्यांना शोधतोय आणि हातात घंटी कुठली, तर गप्प बसा, लपा म्हणून सांगणारी! त्या कुठल्यातरी झाडामागे पदर ओढून आपण जायची वाट बघत असतील!"

दारवाल्या सिस्टरनी घंटीकडे बघितलं. मग तिचा लोलक मुठीत असा दाबून धरला, जणू ती चावेल. "सवयीने... तुझे मामा बरोबर आहेत ना, म्हणून..."

"आता नका वाजवू. मामा, ओरड."

मामा ओरडला. मी ओरडले. सगळ्यांनी मिळून हाक मारली. मग कान देऊन उभे राहिलो. काही नाही.

"त्यांना ऐकायला कमी येतं का?"

"छे गं," स्वयंपाकाच्या सिस्टर म्हणाल्या. "भिंतीपलीकडे शिंकलं तरी इकडून बरं वाटतंय का विचारते."

"मग?"

दोघी एकमेकींकडे बघायला लागल्या. दारवाल्या सिस्टर हळूच म्हणाल्या, "तिचं मौन अजून सुटलं नसेल. खटखट्या इथवर येत नाही. आणि घंटा झाल्याशिवाय ती तोंड उघडत नाही. एकदा उकळता चहा हातावर सांडला. नुसती हात झटकत राहिली. मग घंटा झाली आणि मग किंचाळली."

"म्हणजे आपल्या हाका ऐकूनही त्या...?"

"ती म्हणेल, मौनात ओरडणारे तुम्ही चुकताय, मी नाही."

मी आणखी काही ऐकायला थांबले नाही. मठाकडे पळत सुटले. मागून मामा, "ए कार्टे! कुठे?" त्याला माहीत होतं कुठे.

अंगणात अवजारांची पेटी होती. मी त्यातला मोठा लाकडी हातोडा काढला, ओंडके ठोकायचा, आणि मनोऱ्याची शिडी चढायला लागले. मामाने धापा टाकत येऊन माझा घोटा धरला.

"खाली ये. ती तुळई कुजलीय, तुला माहितीय."

"झुलवली तर मोडेल. मी झुलवत नाहीये, नुसती मारणार आहे. पत्रा बडवायच्या ना त्या, तशी."

"हादरा बसेल. टेकू सरकतील. तुझ्या आईला मी काय सांगू?"

"सांग की तिची मुलगी पहिल्यांदाच वेळेवर कामाला गेली! सोड, मामा. अंधार पडतोय. चेनपुली उद्या येणार आहे, त्या उद्यापर्यंत टिकणार आहेत का?"

मदर धुक्यातून आल्या. त्यांनी सगळं ऐकलं असावं. माझ्याकडे बघितलं, वर घंटेकडे बघितलं, मग मामाकडे.

"मोडेल का?"

मामा खोटं बोलत नाही, हा त्याचा दोष आहे. "मोडेल असं नाही. मोडणार नाही असंही नाही."

मदरनी ओठ आवळले. "अंगणात कुणी उभं राहू नका," त्या म्हणाल्या. "मनोऱ्याखाली तर नाहीच."

मामाने घोटा सोडला.

वरच्या फळ्या ओल्या होत्या. मी चांगल्या बाजूच्या खांबाला पाय रोवला, एक हात खांबाला विळखा घालून, आणि दुसऱ्या हाताने हातोडा मारला. थड्. पोतं पडल्यासारखा आवाज. मधोमध मारलं होतं. मी स्वतःलाच एक शिवी घातली, वाकले आणि कडेवर मारलं.

घंटा बोलली.

एवढ्या जवळून तो आवाज कानात येत नाही, छातीत येतो. दात हलले. वरून लाकडाचा भुसा केसांत पडला. तुळई करकरली, लांब, एखादं म्हातारं दार उघडावं तशी. मी परत मारलं. टेकू तसूभर सरकलेला दिसला. हात थांबला.

तेवढ्यात शिडी हलली आणि मामाचं डोकं वर आलं. तो कुजक्या बाजूला गेला, टेकूला खांदा लावला आणि मान खाली घालून उभा राहिला.

"मामा, तू खाली..."

"मार."

मी मारलं. परत मारलं. हाताला मुंग्या आल्या, हात बदलला, परत मारलं. चिमणी सिस्टर जशी वाजवायच्या तशी, सलग, मग थांबून, मग सलग. दोर सोडायच्या आधी ऐकून ऐकून ती चाल मी नकळत पाठ केली होती. मग हाताने घंटेची कड धरून आवाज बंद केला आणि ऐकत राहिले. मामाचा श्वास. ठिबकणारं पाणी.

आणि मग लांबून एक बारीक, किनरा आवाज. हाक नव्हती. गाणं होतं.

खाली मदर जोरात म्हणाल्या, "तीच! प्रार्थना म्हणतेय!"

घंटा झाली, मौन सुटलं, म्हणून त्यांनी आधी वेळेची प्रार्थना सुरू केली होती. बरं, त्या प्रार्थनेची सुरुवातच अशी आहे की देवाला लवकर मदतीला बोलवायचं. बाईंनी नियम जराही न मोडता मदत मागितली होती.

खालून आवाज सगळीकडून आल्यासारखा वाटत होता, पण वरून नीट कळत होतं. "उजवीकडे!" मी ओरडले. "मधाच्या पेट्यांच्या मागे, उताराला! चालत राहा, मी वाजवतेय!" थोडं मारायचं, थोडं ऐकायचं, खाली सांगायचं. शेवटी धुक्यातून स्वयंपाकाच्या सिस्टरचा "सापडली!" असा चीत्कार आला. मामा खाली बसला. त्याच्या खांद्यावर शर्ट फाटून लाकडाचा वळ उठला होता.

आम्ही उतरून पोचलो तेव्हा चिमणी सिस्टर एका आडव्या पडलेल्या खोडाला टेकून बसल्या होत्या. ओठ निळे, एक पाय सुजून भोपळा, कुणीतरी अंगावर शाल टाकलेली. आणि मदरचं तोंड सुटलं होतं.

"संकटात बोलायला परवानगी आहे! किती वेळा सांगायचं? नियमातच लिहिलंय!"

"संकट कुठलं? पाय मुरगळला. मेले नव्हते."

"हाका ऐकल्यास ना?"

"ऐकल्या की. मौनात नुसता गोंधळ. मग पुरुष आल्याची घंटी ऐकली, म्हणून झाडामागे सरकले. मला वाटलं, कुणा पुरुषाला आत घेतलंय, त्याने मला असं पडलेलं कशाला बघायचं."

"वेळ टळून गेली ते कळलं नाही?"

"माझ्याकडे घड्याळ नाही. धुक्यात सूर्य नाही. आणि घंटा," त्या मदरकडे बघत म्हणाल्या, "तुम्ही बंद केलीत."

मदर खाली बसल्या आणि त्यांचा पाय मांडीवर घेऊन घोटा चाचपायला लागल्या, नर्ससारख्या.

चिमणी सिस्टरनी मग माझ्याकडे बघितलं आणि पाठीमागच्या खोडावर हात आपटला. "हे बघ. मागच्या वादळात पडलं. दोन दगडांवर अडकलंय, जमिनीला लागलेलं नाही, म्हणून वाळलंय, कुजलेलं नाही. मला आठवत होतं, पण दाखवायच्या आधी खात्री करायला आले. आता काय म्हणतेस?"

मामा पुढे झाला. खोडावर बोटांनी ठोकलं, कान लावला, वीत टाकून जाडी बघितली, चाकूने साल काढून आत नख रोवलं. नख रुतलं नाही. त्याने मान वर केली आणि माझ्याकडे बघितलं. मला तो चेहरा ओळखू येतो. त्याचा अर्थ, घंटा उतरवायचं कारण संपलं.

"तू बोलली होतीस म्हणे," तो म्हणाला.

"बोलले होते."

"मग करवत तूच धरणार. माझा खांदा गेला."

दुसऱ्या दिवशी चेनपुली आली. मदरनी तिला दारातच थांबवली आणि सगळ्यांना जमवून परत पिशवी फिरवली. घंटा ठेवायची का? पांढरा म्हणजे हो. पिशवी उलटी केली तर पुन्हा एक काळा दाणा निघालाच. या वेळी कुणी कुणाकडे बघायच्या आत मदरच म्हणाल्या, "माझा आहे. घंटा मलाही हवीय. पण तुळई बसेपर्यंत त्या पोरीने वर चढून हातोडा मारायचा, याला माझा विरोध आहे. नोंद घ्या."

घेतली सगळ्यांनी. मग चेनपुलीने आम्ही घंटेचा भार नीट तोलून धरला, टेकू बदलले आणि मी दोर कमरेला बांधून वर गेले. मदरनी त्याची गाठ स्वतः दोनदा ओढून बघितली.

आता तुळई तासायला घेतलीय. लाकूड टणक आहे, पटाशीला धार लावून लावून बोटं सोलवटली. मध्येच प्रार्थनेची वेळ झाली की काम टाकून वर जायचं, मारायचं, खाली येऊन परत रंधा धरायचा. चिमणी सिस्टर पायाला पट्टी बांधून अंगणात खुर्चीवर बसलेल्या असतात. हातात काठी. मौन असतं तेव्हा बोलत नाहीत, काठीनेच मनोऱ्याकडे खूण करतात, वेळ झाली, चढ. मी खाली उतरले की मौन सुटलेलं असतं, मग लगेच तोंड उघडतं.

"शेवटचे ठोके घाईत मारलेस."

"हाताला काय होतंय ते तुम्हाला माहितीय का?"

"माहितीय," त्या म्हणतात. "उद्या सावकाश मार."